लाल खटक्यावरची गाठ

खानदेशात थंडी वाजते हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. पुण्यात ज्याला त्याला "धुळ्या-जळगावकडे चाललेय" म्हटलं की समोरचा आपल्याच कपाळावरचा घाम पुसायचा. त्यामुळे मी सुती कुडते, टोपी आणि लिंबू सरबताची पाकिटं भरून घेतली. दिवाळी होऊन महिना झाला होता. सकाळी सातला धुळ्याच्या स्टँडवर उतरले तेव्हा माझे दात वाजत होते आणि आजूबाजूची माणसं कानटोपीतून माझ्याकडे कीव आल्यासारखी बघत होती. या प्रवासात मला जे धक्के बसले त्यातला हा सगळ्यात छोटा.

आधी कारण सांगते, नाहीतर हातात दगडासारखा जड डबा घेऊन ही बाई कशाला हिंडत होती असं वाटेल. मी विजेच्या गाड्यांवर काम करणाऱ्या एका प्रयोगशाळेत आहे. आमचा प्रयोग साधा आहे. गाडीतली बॅटरी म्हणजे धान्याची कणगी. तिच्यात पुष्कळ मावतं, पण घाईघाईने उपसा केला की ती फाटते. गाडी जागेवरून उचलताना, चढ चढताना हीच घाई होते. म्हणून आम्ही बॅटरीच्या जोडीला सुपरकपॅसिटरचा डबा देतो. हा चुलीशेजारचा डबा समजा. मावतं मूठ-दोन मूठ, पण हात घातला की लगेच मिळतं, आणि ब्रेक दाबला की वाया जाणारी शक्ती परत त्यातच पडते. कणगीला धक्का नाही, तिचं आयुष्य वाढतं.

असे डबे आम्ही काही गाड्यांना चाचणीसाठी बसवून दिले होते. त्यातल्या दोन खानदेशात होत्या. धुळ्यात एक प्रवासी रिक्षा आणि सावद्याला केळी वाहणारी एक तीनचाकी. गाडीतलं एक छोटं यंत्र क्षणाक्षणाची नोंद पुण्याला पाठवतं. धुळ्याचा आलेख डोंगररांगांसारखा दिसायचा. सावद्याचा मात्र पहिले काही दिवस सोडले तर सपाट, कपॅसिटरच्या खान्यात नुसतं शून्य.

"मेलाय तो डबा," आमच्या सरांनी जाहीर केलं. "नवा घेऊन जा. नवाही चालला नाही तर सरळ गाडी परत घेऊन या. दुसरीकडे देऊ."

धुळे

रिक्षावाले बापूभाऊ मला घ्यायला आले होते. मी बसते न बसते तोच त्यांनी गाडी अशी उचलली की हातातला चहा माझ्या मांडीवर आणि मी मागच्या पत्र्यावर.

"दखं ना मॅडम? तुमनी डबीनी कमाल शे ही!" बापूभाऊ मागे वळून म्हणाले. मागे नका वळू हो, असं मी ओरडले, तर त्यांनी ब्रेक दाबला आणि मी पुढे. "आते परत भरनी डबी!"

दिवसभर त्यांनी मला धुळे दाखवलं, म्हणजे धुळ्यातला प्रत्येक सिग्नल दाखवला. दुपारी शेवभाजी खायला नेलं. आमच्याकडे शेव भेळेवर पडते. तिला रश्शात बुडवून तिची भाजी करतात, हे ऐकून होते. पण तो रस्सा घशाखाली उतरला आणि माझ्या डोळ्यांतून पाणी, नाकातून पाणी, आणि कानांतून नक्की काय येत होतं ते मला आजही सांगता येणार नाही. बापूभाऊंनी शांतपणे अजून एक वाटी रस्सा ओतला.

निघताना मी त्यांना सावद्याच्या मेलेल्या डब्याबद्दल सांगितलं. त्यांनी मान हलवली.

"हाई डबी इतली सहज मरत नही, मॅडम. मी रोज एवढी रगडस, मरनी का? तठे कोनीतरी काहीतरी कयं व्हई."

तिथे कुणीतरी काहीतरी केलं असेल, असं म्हणून रिक्षावाल्याने मला माझा विषय शिकवावा, याचा तेव्हा राग आला. आता तो राग आठवला की लाज वाटते.

सावदा

जळगाव मागे पडलं आणि भुसावळ-फैजपूर करत एसटी सावद्याच्या जवळ आली तसा रस्त्याच्या दोन्ही अंगांना केळीचा हिरवा पडदा उभा राहिला. खानदेश म्हणजे रखरखाट, हीसुद्धा पुण्यातच शिकलेली गोष्ट. तीही खिडकीतून बाहेर टाकून दिली.

गाडी चालवणाऱ्या वंदनाताई नाक्यावर उभ्या होत्या. चाळिशीच्या, साडीवर पुरुषी स्वेटर, डोक्याला घट्ट रुमाल. माहेर शिंदखेड्याकडचं, नवरा सुरतेला कामाला. आसपासच्या बागांमधली केळी काढून झाली की ती शेतातून डांबरी रस्त्यावरच्या ट्रकपर्यंत पोचवायची, हा त्यांचा धंदा, आणि घर त्याच्यावरच चाललेलं. घरात सासरे होते, नाना. पंच्याहत्तरीच्या पुढचे, उंच, आता थोडे वाकलेले. पूर्वी सावद्याच्या स्टेशनावर रेल्वेच्या डब्यांत केळी भरण्याचं काम करायचे. त्यांचे तळहात म्हणजे जोड्याचे तळ.

"नानांना घेऊनच जातो आम्ही शेतात," वंदनाताई माझ्याशी जपून, शहरी मराठीत म्हणाल्या. नाना आधीच मागच्या बाजूला पाय सोडून बसले होते.

केळीच्या बागेत भर दिवसा संध्याकाळ असते. वर पानांचं छप्पर, खाली ओल. कापलेल्या दांड्यातून चीक टपकतो आणि तो कपड्यावर पडला की जन्माचा काळा डाग. थंडीमुळे एकावर एक चढवलेल्या माझ्या तीन कुडत्यांची वाट पहिल्या तासाभरात लागली. मजूर खांद्यावर पोतं टाकून एकेक घड आणत होते आणि गाडीत पानांच्या गादीवर निजवत होते. निजवत होते हाच शब्द बरोबर आहे. घडाला थोडा मार बसला तरी आज दिसत नाही, पिकल्यावर काळं पडतं आणि व्यापारी माल नाकारतो. म्हणून सगळं हळू, सगळं न बोलता.

शेत खाली आणि रस्ता वर. मध्ये पाण्याच्या चारीवरून एक छातीवर येणारा चढ. भरलेली गाडी चढाशी आली आणि थांबली. मोटर नुसती गुणगुणत राहिली. मला कळलं, बॅटरीवर ताण येऊ नये म्हणून आम्हीच तिला मर्यादा घालून दिलेली आहे. वरचा जोर डब्याने द्यायचा, आणि डबा तर मेलेला.

"नाना, हात!" वंदनाताईंनी हाक दिली.

सगळे मजूर बाजूला झाले. कुणी पुढे आलं नाही, हे मला विचित्र वाटलं. नानांनी धोतर खोचलं, खांदा मागच्या फळीला लावला, दोन्ही तळहात टेकवले आणि "हं" म्हणाले. गाडी हलली. एकही घड न हलवता, सरकत, वर गेली.

आमच्या प्रयोगशाळेची सगळी हुशारी ज्या गाडीत कोंबली होती, ती एका म्हाताऱ्याच्या खांद्यावर चालली होती! मला पहिल्यांदा हसू आलं आणि मग भयंकर संताप आला, अर्थात स्वतःचाच. रिकामी गाडी परत आल्यावर मी सीटखालची पेटी उघडली. नवा डबा बाहेर काढून ठेवला, मीटर लावलं आणि तोंड उघडंच राहिलं.

जुना डबा ठणठणीत होता. नुसता जोडलेला नव्हता. दुरुस्तीच्या वेळी बंद करायचा म्हणून आम्ही एक लाल खटका दिलेला असतो, तो बंद होता. एवढंच. आणि त्याच्या मुठीला केळीच्या खोडाच्या वाळक्या सोपटाची दोरी गुंडाळून पक्की गाठ मारलेली होती.

त्या दोरीकडे मी नीट पाहायला हवं होतं. खटका आपोआप स्वतःला दोरीने बांधून घेत नाही, एवढी अक्कल मला आहे असा माझा समज होता. पण मी इतकी खुशीत होते की खिशातला चाकू काढून गाठ कापली आणि खटका वर केला.

"सापडलं!" मी ओरडले. "आता भरा गाडी, आणि बघा गंमत."

वंदनाताईंचा चेहरा उतरला होता. मला वाटलं, आपल्याला ओरडा बसेल म्हणून घाबरल्या. "मॅडम, आज राहू द्या ना," त्या म्हणाल्या. मी म्हटलं, आजच. रिकामी गाडी चारदा पळवून ब्रेक दाबले तसा डबा भरला, गाडी घडांनी भरली, आणि मी स्वतः त्यांच्या शेजारी बसले.

चढाशी आल्यावर वंदनाताई म्हणाल्या, "थांबा, नानांना—"

"काही लागत नाही नानांचं," मी म्हटलं. "दाबा!"

त्यांनी दाबलं. गाडी लोण्यातून सुरी जावी तशी चढ चढून वर गेली. मी टाळ्या वाजवत मागे वळले. पहिल्यांदा मी घड पाहिले, हे मी कबूल करते. एकही घड हलला नव्हता. त्याच्यानंतर मला नाना दिसले. हाक मारायची वाट न बघता ते नेहमीसारखे खांदा लावून उभे राहिले होते, आणि ज्या फळीवर त्यांचा सगळा भार होता ती त्यांच्या हाताखालून निघून गेली होती. ते चढावर पालथे पडले होते.

वंदनाताई गाडीतून उडी टाकून खाली धावल्या. मजूर धावले. मी मात्र टाळीसाठी जोडलेले हात तसेच धरून बसले होते.

नानांनी स्वतःच अंग सावरलं. दोन्ही तळहात सोलवटले होते, गुडघ्याला खरचटलं होतं. बाकी काही नाही.

"पडलो तं पडलो," ते माती झटकत म्हणाले. "जमिनीवरच पडलो, आभायातून नही पडलो." पण ते वर गेलेल्या गाडीकडे बघत होते आणि नंतरच्या कुठल्याच खेपेला बांधावरून उठले नाहीत. त्यांना कुणी हाकही मारली नाही. गरजच नव्हती.

चुलीपाशी

घरी आल्यावर नानांनी हळद लावून घेतली आणि ओट्यावर भिंतीकडे तोंड करून बसले. आत वंदनाताई भरताची वांगी भाजत होत्या. वांगी केवढी! हिरवी, लांबरुंद, आमच्याकडे त्यांना कुणी वांगं म्हटलं नसतं. इथे ती तुरीच्या काठ्यांवर भाजतात आणि बडजी नावाच्या खोलगट लाकडी भांड्यात हिरव्या मिरच्यांबरोबर ठेचतात. मी मदत करायला बसले, पण खरं म्हणजे मला माफी मागायची होती.

त्यांनीच सुरुवात केली. राग आला की त्यांची माहेरची भाषा वर यायची.

"खटका मी बंद करेल शे, मॅडम. मुद्दाम."

माझ्या हातातली मिरची खाली पडली.

मग त्यांनी सांगितलं. स्टेशनावरचं काम सुटल्यापासून नाना असेच बसायचे, बोलायचे नाहीत, अर्धी भाकरी खाऊन उठायचे. गाडी आली तेव्हा पहिले काही दिवस ती झपकन चढायची. मग एकदा दुरुस्तीला आलेल्या माणसाकडून खटका चुकून बंदच राहिला आणि गाडी चढावर अडकली. नाना जवळच होते. त्यांनी खांदा दिला.

"त्या रोज तेसनी दुसरी भाकरी मांगी," वंदनाताई म्हणाल्या. "मी दखं. दुसऱ्या रोजपासून खटका मीच बंद करना लागनू. मजूरसले सांगेल शे, कोनी हात लावानं नही. मंग कोनी मजूरनी त्याले दोरी बांधी दिन्ही. बठ्ठासले माहीत शे. फक्त नानासले नही."

पुण्यात आम्ही महिनाभर त्या शून्याकडे बघून डोकी खाजवली होती. कुणी म्हणालं तार तुटली, कुणी म्हणालं उंदराने खाल्ली. ते शून्य म्हणजे एका माणसाची दुसरी भाकरी आहे, हे कुणाच्या बापाला सुचलं असतं?

आणि तरीही सरांचे शब्द कानात होतेच. डबा वापरला नाही तर गाडी परत. मी ते वंदनाताईंना सांगितलं, सांगावंच लागलं. त्यांनी भरीत ठेचणं थांबवलं नाही. "मंग ऱ्हाऊ द्या चालू," एवढंच म्हणाल्या. गाडी गेली तर घर थांबलं असतं, आणि गाडी राहिली तर नाना. त्या रात्री नानांनी अर्धी भाकरी खाल्ली. भरीत इतकं अप्रतिम होतं की मला ते गिळवेना.

शेकोटी

सकाळी थंडी अशी की मी नानांची घोंगडी मागून पांघरली. ते अंगणात शेकोटीपाशी बसले होते, हळदीचे हात विस्तवाकडे धरून. मी शेजारी बसले आणि माफी मागितली. चूक माझी, मी बघायला हवं होतं, वगैरे. खटक्याबद्दल अवाक्षर काढायचं नाही, असं मी ठरवलं होतं.

नानांनी विस्तवात काटक्या सारल्या. मग म्हणाले, "गाठ कापली तुमी. सोडाले पायजे व्हती. दोरी वाया गेली."

"कसली गाठ?" मी विचारलं. माझा आवाज मलाच चोरटा वाटला.

"खटक्यावरची. ती मीच बांधेल व्हती."

या प्रवासात आता मला आणखी काही चकित करू शकेल असं वाटत नव्हतं.

"वंदनी खटका पाडे, पन वाटंनं गाडी हादरे अन तो आपोआप वर जाये," नाना सांगत होते. "एक डाव असाच गेला अन मी पडता पडता वाचलो. तवा मी पेटी उघडून पाह्यली. मंग सोपट बांधलं. केयीची दोरी हाये ती, वॅगनीत घड बांधाची गाठ हाये. चाकूबिगर सुटत नही."

"म्हणजे तुम्हाला माहीत होतं?"

"आंधया हाये का मी?" ते हसले. "तिले वाटते, मले ठाऊक नही. तिले तसंच वाटू द्या. येवढं करते माह्यासाठी. मी नही ढकललं तं तिले किती वाईट वाटीन?"

सुनेने सासऱ्यासाठी गाडी लंगडी केली, सासऱ्याने सुनेसाठी ती लंगडीच राहील अशी गाठ मारली, आणि मी शहाणी चाकू घेऊन आले. मला रडू आलं. नानांना ते पसंत पडलं नाही. "धूर लागला व्हय?" असं म्हणून त्यांनी तोंड फिरवलं.

मग मी त्यांना सगळं सांगितलं. पुण्यात प्रत्येक खेपेची नोंद दिसते हे, आणि डबा असाच बंद राहिला तर गाडी जाईल हेही. त्यांनी डबा नक्की काय करतो ते विचारलं. मी कणगी आणि चुलीशेजारच्या डब्याची गोष्ट सांगितली.

"उठतानी जोर लावाचा अन मंग गप बसाचं," नाना म्हणाले. "हेच तं मी करत व्हतो." त्यांनी तळहात उलटसुलट करून पाहिले. "पन बाई, खरं सांगू? दिवसाच्या दहा खेपा नही झेपत आता. गुडघे बोलतात. एक झेपते." मग म्हणाले, "स्टेशनावर पयला घड सगळ्यात जुना मानूस ठेवे. मंग बाकीचे. तसं करा. पयली खेप माह्यी. बाकीच्या तुमच्या डब्याच्या."

मी वंदनाताईंना बोलावलं आणि शास्त्रज्ञाच्या गंभीर आवाजात सांगितलं की थंडीत सकाळच्या पहिल्या खेपेला हा खटका बंदच ठेवायचा, डब्याला ते बरं असतं. हे धादांत खोटं आहे. थंडीत हे कपॅसिटर बॅटरीपेक्षा चांगले चालतात, तो तर त्यांचा मोठेपणा आहे, आणि मी स्वतः तो विद्यार्थ्यांना शिकवते. मी इतक्या सहज खोटं बोलू शकते, याचाही मला धक्का बसला.

वंदनाताईंनी माझ्याकडे पाहिलं, मग नानांकडे. "बरं," त्या म्हणाल्या. "मग उन्हाळ्यात?"

"उन्हाळ्यातही," मी म्हटलं.

नानांनी नवीन सोपट आणलं आणि यावेळी ओढली की सुटेल अशी गाठ मारली.

पुणे

नवा डबा तसाच परत आणला. सावद्याचा आलेख आता डोंगररांगांसारखा दिसतो. गाडी तिथेच राहिली. फक्त रोज सकाळी पहिली खेप सपाट असते. सरांनी विचारलं, ही काय भानगड? मी म्हटलं, स्थानिक परिस्थिती. अहवालात ती खेप वेगळी काढून ठेवली आहे. तिच्यात बॅटरीला जेवढा जोर कमी लावावा लागतो तेवढा एका माणसाचा आहे, हे मी लिहिलं नाही. पण मला तो दिसतो. सकाळी आल्या आल्या मी दुसरं काहीही उघडण्याआधी ती खेप बघते.

परवा ती खेप सपाट नव्हती. सकाळी, पहिल्याच चढावर, डब्याचा आलेख ताडकन उभा राहिलेला. मी खुर्चीतून उठले. पुन्हा पाहिलं. खटका चालू होता. हात लागला नव्हता. मनात जे येऊ नये ते सगळं आलं. मी फोन लावला. वंदनाताईंचा फोन वाजत राहिला, वाजत राहिला, आणि मग उचलला गेला.

"बोला बाई," नाना म्हणाले.

"नाना, तुम्ही... तुम्ही बरे आहात ना? आज पहिली खेप—"

"आज मी मुद्दाम हात नही लावला," नाना म्हणाले. "गाठ सोडली, खटका वर केला अन पाहत बसलो. म्हटलं, आपन रोज ढकलतो, ते पुन्यात कोनाले दिसते का नही, पाहू तरी." मग फोन तोंडापासून दूर धरून ते ओरडले, "वंदने, फोन आला गं! दिसते त्यायले!"